थारा : प्रकल्पाच्या नोंदी

३० मार्च २०२५, गुढीपाडवा, अमळनेर

आजपासून वही सुरू. काम काय आहे ते एकदा लिहून ठेवतो, म्हणजे मधेच भरकटलो तर इथे परत येता येईल.

आठ भागांचं श्राव्यनाट्य करायचं आहे, प्रत्येक भाग पंचवीसेक मिनिटांचा. जग पूर्ण काल्पनिक. त्या जगात सृष्टी एका कंपनातून झाली आणि ते कंपन अजून पायाखाली चालू आहे. ते थांबत चाललंय हे एका मुलीच्या लक्षात येतं, तिथून गोष्ट सुरू होते. लेखन माझं, ध्वनिमुद्रण मित्राचं, मुलीचा आवाज त्याच्या धाकट्या बहिणीचा. ती बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे आणि आम्हा दोघांपेक्षा स्पष्ट बोलते.

पहिल्या खर्ड्यात मी त्या कंपनाला 'आदिस्पंद' म्हटलं होतं. तिने दोन पानं वाचली आणि म्हणाली, "दादा, हा शब्द ऐकून माझ्या डोळ्यांसमोर काहीच येत नाही. कानात पण काही वाजत नाही." दिवसभर तेच डोक्यात आहे. ऐकायच्या नाटकातला मूळ आवाजच कानात वाजत नसेल तर पुढचं सगळं वाया.

६ एप्रिल

आठवडाभर वाचन. नादातून सृष्टी ही कल्पना आपल्याकडे किती जवळ नांदलेली आहे हे नव्याने कळलं. 'संगीतरत्नाकर' तेराव्या शतकात देवगिरीला, यादवांच्या दरबारात लिहिला गेला. देवगिरी म्हणजे आमच्या खान्देशातून अजिंठ्याचा डोंगर ओलांडला की पलीकडे. आहत आणि अनाहत नादाचा विचार त्यात सुरुवातीलाच येतो : आघाताने होतो तो आहत, आघाताशिवाय असतो तो अनाहत. ग्रंथकर्ते शार्ङ्गदेव यांचे आजोबा काश्मीरहून दक्षिणेत आलेले, आणि तिकडच्या शैव परंपरेत 'स्पंद' हा फार खोल विचार आहे. स्पंद म्हणजे किंचित हलणं, जागा न सोडता हलणं.

हे वाचून ठरवलं की यातलं काहीही उचलून काल्पनिक जगाला चिकटवायचं नाही. ॐकार नाही, अनाहत नाही, स्पंद नाही. कुणाच्या तरी रोजच्या उपासनेतला शब्द मी गोष्टीच्या रंगकामासाठी वापरणं मला पटत नाही. शिवाय माझ्या जगातला आवाज अनाहत नकोच आहे. मला घर्षण हवंय.

१३ एप्रिल

मोठ्या मायकडे जाऊन आलो. गाव बोरी नदीच्या काठी, मोटरसायकलवर पाऊण तास. नदी कोरडीठाक, वाळूतून गुरं चाललेली. धाब्याच्या घरात मागच्या खोलीत घरोटा आहे. जात्याला आमच्याकडे घरोटा म्हणतात. गिरणी आल्यापासून तो कोपऱ्यातच, लग्नघरी हळद दळायला तेवढा बाहेर निघतो.

मोठ्या मायने वरची तळी मला उचलायला लावली. खालच्या तळीवर टाकीचे, म्हणजे छिन्नीने पाडलेले, बारीक खड्डे, मधून काठाकडे पसरत गेलेले. काठाचे झिजून गुळगुळीत झालेत, मधले अजून बोटाला लागतात. टाकी लावणारा गावात शेवटचा कधी आला ते तिला आठवत नाही. खड्ड्यांत जुनं पीठ घट्ट बसलंय. नखाने खरवडून हुंगलं, तर ज्वारीचा वास कधीच गेलेला, आता दगडाचाच वास येतो.

तळी परत बसवली आणि मी उत्साहात खुंटा धरून रिकामाच फिरवला. कोरडी, कानाला टोचणारी करकर. तिने लगेच माझा हात धरला.

"खाली घरोटा फिरावानं नही रे पोरा, घर फिरस."

रिकामं जातं फिरवू नये हे लहानपणापासून ऐकलेलं. दगडावर दगड घासून टाकी मरते आणि पुढच्या पिठात कचकच येते, एवढं कारण मला माहीत होतं. पण ती 'घर फिरस' म्हणाली तेव्हा तिच्या आवाजात टाकीची काळजी नव्हती, भीती होती.

मग तिने सुपातली ज्वारी घेऊन एक मूठ वैरली आणि स्वतः खुंटा धरला. आवाज बदलला. खाली उतरला, गोल झाला, भरला. मी समोर मांडी घालून बसलो होतो. तो कानाआधी सारवलेल्या भुईतून मांडीत आला आणि कंबरेत चढला. तीन-चार फेऱ्यांनी तळ्यांच्या फटीतून पीठ उतरायला लागलं, चहूबाजूंनी सारखं.

तिथेच वहीत दोन नियम लिहिले. एक, हे कंपन एकट्याचं नाही : एक तळी थिर, एक फिरती, मधे दाणा. दोन, रिकामी फेरी म्हणजे नाश.

१९ एप्रिल

नावाचा प्रश्न. मला 'घरघर' हवंय. मित्राचा ठाम विरोध, आणि त्याचं म्हणणं चूक नाही. मराठीत घरघर लागते ती मरणाऱ्या माणसाला, बंद पडणाऱ्या कारखान्याला. ऐकणाऱ्याला पहिल्या मिनिटापासून अंत दिसेल.

दोन दिवस पर्याय मांडले. नाद फार शुद्ध. कंप पाठ्यपुस्तकी, वर्गात मीच रोज शिकवतो. हादरा एकदाच बसतो. थरथर माणसाची असते, जगाची नाही. गुंजन गोड आहे, आणि गोड नकोय.

शेवटी बहिणीने तोड काढली. त्या जगातल्या माणसांना या शब्दाचा आपल्याकडचा अर्थ ठाऊकच नाही. त्यांच्याकडे मूल जन्मलं की म्हणतात, "घरघर लागली." आपला श्रोता दचकेल, आणि दचकू दे. नाव पक्कं : घरघर.

३० एप्रिल, आखाजी (अक्षय्य तृतीया)

आज लेखन नाही. लेकी माहेरी आलेल्या, निंबाला झोके बांधलेले. झोक्याच्या दोराची फांदीवर होणारी कुरकूर मुद्रित करून ठेवली, कुठे लागेल माहीत नाही.

११ मे

आजचा दिवस या प्रकल्पातला सगळ्यात मोठा. सविस्तर लिहितो.

जगाचा नकाशा अडला होता. घरघरीतून पीठ पडलं इथपर्यंत ठीक, पण त्या पिठाचे डोंगर, नद्या, गावं कशी झाली? 'मग आकार आला' असं लिहून मोकळं व्हायला मन धजेना. म्हणून क्लाड्नीचा प्रयोग करायचा ठरवलं. अर्न्स्ट क्लाड्नी या जर्मन शास्त्रज्ञाने १७८७ साली आपल्या ध्वनीवरच्या पुस्तकात या आकृत्या छापल्या. पत्र्यावर वाळू पसरायची, काठावरून व्हायोलिनचा गज ओढायचा, की वाळू आपोआप रेघांमध्ये गोळा होते. त्याच्याही आधी १६८० मध्ये रॉबर्ट हूकने काचेच्या तबकडीवर असाच प्रयोग केला होता, आणि त्याने काय पसरलं होतं? पीठ! हे वाचून मी उठून उभाच राहिलो.

फूटभर लांबी-रुंदीचा पातळ चौकोनी पत्रा कापून आणला, मधोमध भोक पाडून बोल्टने जुन्या स्पीकरवर बसवला. सूर मोबाइलमधून, मित्राच्या अँप्लिफायरवरून. वर घरातला रवा भुरभुरला.

सूर हळूहळू चढवत नेला. आधी नुसती झुणझुण, रवा जागच्या जागी. मग एका ठिकाणी तो दचकला. खरंच, दचकला हाच शब्द. सगळे कण एकदम उड्या मारायला लागले, एकमेकांवर आदळत धावले आणि दोन-तीन सेकंदांत पत्र्यावर स्वच्छ पांढरी आकृती उभी राहिली : मधे वळणदार चौकट, कोपऱ्यांत चार कमानी. बहीण ओरडलीच. सूर आणखी वर नेला की ती मोडते, सगळीकडे नुसती पळापळ, आणि पुढचा नेमका सूर आला की नवी आकृती, आधीपेक्षा दाट.

वर्गात हा धडा मी शिकवलेला आहे. तरी एक गोष्ट आज पहिल्यांदा अंगावर आली. रवा जमतो तो पत्रा हलतो तिथे नाही, हलत नाही तिथे. जिथे कंप सर्वांत जास्त, तिथून कण हाकलले जातात. जिथे कंप नाही, तिथे त्यांना थारा मिळतो.

थारा! एवढा जुना, घरातला शब्द समोर होता आणि मी संस्कृत कोश चाळत बसलो होतो. प्रकल्पाचं नाव इथेच बदललं.

म्हणजे माझ्या जगात सृष्टी घरघरीने झाली, पण घरघरीत वसलेली नाही. ती घरघरीच्या निवांत रेघांवर वसली आहे. गावं, विहिरी, रस्ते, देवळं, सगळं थाऱ्यांवर. थारा सोडून दहा पावलं बाहेर टाकली की पाय ठरत नाही, दात वाजतात, दूध नासतं. आणि घरघरीचा सूर बदलला की थारे सरकतात. दोन आकृत्यांच्या मधल्या काळात कुणालाच जागा नसते. त्या काळाला त्यांच्या इतिहासात म्हणतात दाणादाण. हाही शब्द आपल्याकडे तयारच होता.

रात्री दीडपर्यंत लिहीत होतो. उद्या शाळेचं काम आहे, पण झोप येत नाही.

१२ मे

कालचं वाचलं. टिकतंय.

१ जून

पुन्हा पत्रा, पण आज वस्त्रगाळ पीठ. मला वाटलं तीच आकृती अधिक रेखीव येईल. झालं भलतंच. जाडसर कण रेघांवर गेले, पण सगळ्यात बारीक भुकटी बरोबर उलट्या ठिकाणी गेली, पत्रा सर्वांत जोरात हलतो तिथे, आणि छोट्या छोट्या ढिगांत गोल फिरत राहिली. ढीग जिवंत वाटावेत असे आतून उसळत होते. मित्र म्हणाला पीठ दमट असेल. तव्यावर कोरडं करून घेतलं. तेच.

शोधल्यावर कळलं की यानेच मायकेल फॅरडेलाही कोड्यात टाकलं होतं. १८३१ साली त्याने उलगडा केला : पत्रा हलताना त्याच्या लगत हवेचे बारीक प्रवाह फिरतात, आणि हलकी भुकटी त्या प्रवाहांबरोबर कंपाच्या जागी ओढली जाते. हवा काढून घेतली की तीही मुकाट रेघेवर येते.

माझं जग एका दुपारीत दुप्पट झालं. घरोट्यातून भरड पडते आणि पीठही पडतं. भरडीची माणसं जड, त्यांना थारा लागतो : ते भरडे. पिठाची माणसं हलकी, ती कंपाच्या ऐन मध्यावर गोल फिरत राहतात, थाऱ्यावर आली की मलूल होतात : ते पिठवे. काजव्यांसारखं नाव ठेवलं. दोघंही एकाच दाण्याची, पण एकमेकांच्या घरी जाऊ शकत नाहीत. भरड्यांना वाटतं पिठवे म्हणजे भुतं. पिठव्यांना वाटतं भरडे म्हणजे मेलेली माणसं, कारण ती हलत नाहीत. आणि वारा पडला की पिठवे थाऱ्यांवर कोसळतात. चौथा भाग त्या वारा पडलेल्या रात्रीचा.

दुष्ट शक्ती वगैरे काही लागतच नाही. दाण्याची जाडी पुरे.

१५ जून

शाळा सुरू. वेळ नाही. भाग २ आणि ३ चे संवाद झाले.

६ जुलै

बहिणीने विचारलं, खऱ्या विश्वात असं काही आहे का. तिला सांगता सांगता मलाच नीट मांडता आलं, म्हणून इथे उतरवतो. हे गोष्टीत जाणार नाही, खऱ्याचं खऱ्याकडेच राहू दे.

सुरुवातीची सुमारे ३,८०,००० वर्षं विश्व इतकं तापलेलं होतं की प्रकाशाला मोकळं फिरता येत नव्हतं. त्या उकळत्या द्रव्यातून दाबाच्या लाटा पसरत होत्या, म्हणजे आवाजच. मग विश्व निवलं, प्रकाश सुटला आणि लाटा होत्या तिथे गोठल्या. आज दीर्घिकांची, म्हणजे ताऱ्यांच्या अफाट समूहांची, मांडणी मोजली तर साधारण ५० कोटी प्रकाशवर्षांच्या अंतरावर थोडी जास्त गर्दी आढळते. ती त्या गोठलेल्या आवाजाची खूण. २००५ साली ती मोजणीत स्पष्ट दिसली.

दुसरं उदाहरण ययाती तारकासमूहातल्या दीर्घिकांच्या गुच्छाचं. तिथल्या तप्त वायूत 'चंद्रा' या अंतराळातल्या क्ष-किरण दुर्बिणीला तरंग दिसले, ते २००३ साली जाहीर झालं. पियानोच्या मधल्या पट्टीच्या सी स्वरापासून ५७ सप्तकं खालचा सूर. एक कंप पुरा व्हायला जवळपास १ कोटी वर्षं. माणसाला ऐकू येतं सेकंदाला २० कंपांपासून वर.

ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "म्हणजे आपण त्या सुराच्या एका कंपात आलो आणि गेलो, तर आपल्याला तो सूर आहे हेच कळणार नाही." हे वाक्य मी तिच्याकडून मागून घेतलं. तिसऱ्या भागात म्हातारा पाथरवट हे वेगळ्या शब्दांत बोलेल : "माझ्या आज्याने एक फेरी सुरू होताना पाहिली. संपताना माझा नातू पाहील. मी मधला, मला वाटलं जग स्थिर आहे."

२० जुलै

ध्वनिमुद्रणाचा दिवस वाया जाता जाता वाचला. घरोट्याशेजारी माईक लावला, मोठी माय दळायला बसली, आणि परत ऐकतो तर घरघरीखाली दुसरीच एक सपाट गुणगुण. विजेची, ५० हर्ट्झची आणि तिच्या पटीतली. मित्राने ती गाळली, तर घरघरीचं अंगच गेलं, नुसती खरखर उरली. दोन्ही आवाज एकाच घरात राहणारे, एकाला काढलं की दुसऱ्याचीही भिंत पडते. तारा बदलून पाहिल्या, जागा बदलून पाहिली.

साडेपाचला गावाची वीज गेली. एरवी आपण वैतागतो. मित्र काही न बोलता बॅटरीवरचा ध्वनिमुद्रक घेऊन पळत आला. पंखे बंद, शेजारचा टीव्ही बंद, पाण्याची मोटर बंद. मोठ्या मायने कळण्याचं दळण काढलं होतं, ज्वारीत अख्खे उडीद. उडीद आधी टणटण बोलतात, फुटले की आवाज भरतो. सत्तावीस मिनिटं सलग मिळाली. यापेक्षा चांगलं पुन्हा मिळणार नाही.

ती दमली होती. "व्हयनं का तुमनं?" म्हणाली, हात झटकले आणि ते पीठ भाकरीसाठी घेऊन गेली. आम्ही तिघांनी तीच भाकर ठेच्याबरोबर खाल्ली.

३ ऑगस्ट

कानबाई, आमच्या खान्देशातला श्रावणातला सण. घर भाऊबंदांनी भरलेलं. काम बंद.

१७ ऑगस्ट

भाग १ चं पहिलं मिश्रण ऐकलं. हेडफोनवर उत्तम. मोबाइलच्या स्पीकरवर घरघर नाहीच! एवढासा स्पीकर, खालचे सूर त्याच्यातून निघतच नाहीत. आणि आमचे निम्म्याहून जास्त श्रोते मोबाइलवरच ऐकणार. मित्राने वरचे सूर थोडे उचलून खरखरीचा थर चढवला, आता पुसट का होईना जाणवते.

पण उपाय वेगळीकडेच सापडला. आमच्या गल्लीत पिठाची गिरणी आहे. ती चालू असताना तिचा आवाज कुणाला ऐकू येत नाही, वीज गेली की सगळी गल्ली एकदम मान वर करते. तेच करायचं. घरघर पहिल्या क्षणापासून सगळ्या संवादांखाली ठेवायची, कानाला तिची सवय होऊ द्यायची, आणि एकोणिसाव्या मिनिटाला अकरा सेकंद पूर्ण काढून घ्यायची. त्या अकरा सेकंदांत मुलगी श्वास रोखते. मग ती म्हणते, "आई, जग थांबलं."

ऐकून आम्हा तिघांच्याही अंगावर काटा आला.

२४ ऑगस्ट

मोठा स्पीकर गाडीवर बांधून गावी नेला. मोठ्या मायला भाग १ ऐकवला. ओसरीवर बाजेवर बसून ती गवारीच्या शेंगा मोडत होती, ऐकत होती. पाथरवटाच्या बोलण्यावर एकदा हसली. मुलीचा आवाज कोणाचा म्हणून विचारलं.

एकोणिसावं मिनिट आलं. घरघर गेली. तिचे हात थांबले. मी तिच्या चेहऱ्याकडे बघत होतो. भीती दिसेल असं वाटलं होतं.

"दाणा सरना का?" तिने विचारलं.

मला कळलं नाही. म्हणालो, काय माय?

"घरोटा थांबना ना. दाणा सरना व्हई." आणि ती पुन्हा शेंगा मोडायला लागली.

परत येताना रस्ताभर मी काही बोललो नाही. घरी येऊन ही वही काढली, १३ एप्रिलचं पान उघडलं. माझ्याच अक्षरात लिहिलंय : रिकामी फेरी म्हणजे नाश. आणि पुढे चार महिने मी थांबण्यालाच नाश समजून आठही भागांचा आराखडा केला. मुलगी, म्हातारा, सगळं गाव मिळून घरघर काहीही करून चालू ठेवायला धडपडतात, आणि शेवटच्या भागात ती चालू राहते, असा शेवट मी लिहून ठेवलाय. तो चुकीचा आहे. दाणा सरल्यावर खुंटा ओढत राहिले तर तळीवर तळी घासेल. तेच तर तिने मला हात धरून थांबवलं होतं.

म्हणजे थांबलेला घरोटा ठीक आहे. कुणीतरी उठून मूठभर दाणा आणायला हवा, एवढंच. पण त्या जगात डोंगर पिठाचे, माणसं भरडीची, पिठवे भुकटीचे. अख्खा दाणा कुणी पाहिलेलाच नाही. मुलगी तो आणणार कुठून?

रात्रीच दोघांना निरोप टाकला. उद्या साडेसहाला बसायचं. सहावा भाग नव्याने लिहावा लागेल, सातवा जवळजवळ सगळा. एकोणिसाव्या मिनिटाचं वाक्यही बदलायचं आहे, त्यासाठी बहिणीला पुन्हा माईकसमोर बसवावं लागेल.